‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडली नाही’ ही चौकट पुन्हा पुन्हा का येते

प्रोग्रामवर डबल क्लिक करावं आणि तो उघडायच्या ऐवजी एक छोटी चौकट यावी: एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडली नाही, त्यामुळे पुढे जाता येत नाही, प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल केल्यास अडचण सुटू शकेल. लोक बिचारे पुन्हा इन्स्टॉल करतात. कधी चालतो, कधी नाही. चालला तरी काही दिवसांनी तीच चौकट हजर. इंदूरात राजेंद्र नगर, लोकमान्य नगर, रामबाग या बाजूला मी घरोघरी आणि छोट्या ऑफिसांत कॉम्प्युटर दुरुस्तीला जातो. गणपतीच्या आधी मंडळांचे फोन सुरू होतात, कारण वर्गणीच्या पावत्या छापायचा प्रोग्राम वर्षातून एकदाच उघडतात आणि नेमका तेव्हाच तो उघडत नाही. "ती डीएलएल परत उडाली हो, जरा येऊन जा ना."

डीएलएल, म्हणजे अनेक प्रोग्रामांनी मिळून वापरायची तयार कोडची फाइल, आपोआप उडत नाही. एक तर ती कुणीतरी काढलेली असते, किंवा बसवली तीच चुकीची असते, किंवा योग्य फाइल जागेवर असूनही प्रोग्राम भलतीच जुनी प्रत उचलतो. तिसरा प्रकार सगळ्यात चिवट, आणि तिकडे बहुतेक जण बघतच नाहीत.

फाइल कसली आहे

सी++ मध्ये लिहिलेला प्रोग्राम फाइल उघडतो, ओळ वाचतो, आकडा पडद्यावर दाखवतो, हिशेब डिस्कवर लिहितो. यासाठी लागणारा कोड प्रोग्राम लिहिणाऱ्याने स्वतः लिहिलेला नसतो. तो सी++ च्या स्टँडर्ड लायब्ररीत तयार मिळतो. त्यातल्या या भागाला इनपुट-आउटपुट स्ट्रीम म्हणतात. मायक्रोसॉफ्टच्या कंपायलरने (लिहिलेल्या कोडमधून चालणारा प्रोग्राम बनवणारं साधन) बनवलेल्या प्रोग्रामांसाठी हा तयार कोड एमएसव्हीसीपी१४०.डीएलएलमध्ये असतो. प्रत्येक प्रोग्रामने आपापली प्रत बाळगण्यापेक्षा विंडोजमध्ये एकच प्रत ठेवायची आणि सगळ्यांनी ती वापरायची, अशी योजना. जुन्या वाड्यात सगळ्या बिऱ्हाडांना मिळून एक नळ असायचा तसं. कुणी तोटी काढून नेली की सगळ्यांचंच पाणी बंद.

हिची भावंडंही चौकटीत दिसतात. व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल प्रोग्राम सुरू करणं आणि चालताना उठणारे अपवाद, म्हणजे अचानक येणाऱ्या चुका, सांभाळणं ही कामं करते. तिच्याच नावापुढे ‘_१’ लावलेली फाइल व्हिज्युअल स्टुडिओ (मायक्रोसॉफ्टचं प्रोग्राम बनवायचं साधन) २०१९ पासून आली आणि ती ६४-बिट प्रोग्रामांनाच लागते. ‘एपीआय-एमएस-विन-सीआरटी-स्टडआयओ’ असं आगगाडीएवढं नाव असलेली फाइल सी भाषेच्या एफओपन, एफरीड, प्रिंटएफ यांच्यासाठी. तिच्या पोटात खरं तर काहीच नाही. ती मागणी पुढे यूसीआरटीबेस.डीएलएलकडे ढकलते, आणि काम तिथे होतं. विंडोज १० पासून यूसीआरटीबेस विंडोजचाच भाग आहे. विंडोज ७ आणि ८.१ वर ती केबी२९९९२२६ या अपडेटने येते, आणि ते अपडेट बसायला विंडोज ७ वर आधी सर्व्हिस पॅक १ लागतो. इंटरनेट कधी लावलंच नाही अशा जुन्या डेस्कटॉपवर स्टडआयओची चौकट आली, तर पहिला संशय याच अपडेटवर घ्यावा.

नावातला आकडा नीट वाचा. व्हिज्युअल स्टुडिओच्या २००५ च्या आवृत्तीबरोबर आलेल्या या फाइलींच्या संचाला ८०, २००८ ला ९०, २०१० ला १००, २०१२ ला ११०, २०१३ ला १२०. १३० हा आकडा त्यांनी वगळला. मग २०१५, २०१७, २०१९ आणि २०२२ या चारही आवृत्त्यांना मिळून एकच १४०. त्यामुळे एमएसव्हीसीपी१२० मागणाऱ्या प्रोग्रामसाठी २०२२ चा संच कितीही वेळा बसवला तरी उपयोग नाही. त्याला २०१३ चाच लागतो. उलट १४० च्या घरात सगळ्यात नवा बसवला की मागच्या सगळ्यांचं काम भागतं, २०१५ चा वेगळा शोधत बसायचं कारण नाही.

आधी एवढं करा

चौकटीतलं नाव अक्षर न अक्षर लिहून घ्या किंवा मोबाइलवर फोटो काढा. "काहीतरी एमएसव्ही होतं" यावर इलाज करता येत नाही. मग मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून त्या आकड्याचा ‘व्हिज्युअल सी++ रिडिस्ट्रिब्युटेबल’ संच उतरवा. दोन फाइली मिळतील, एक्स८६ म्हणजे ३२-बिटची आणि एक्स६४ म्हणजे ६४-बिटची. विंडोज ६४-बिट असेल तर दोन्ही बसवा. "माझं विंडोज चौसष्टचं आहे, मला एक्स८६ कशाला?" हे मला रोज ऐकावं लागतं. प्रोग्राम ३२-बिट असेल तर त्याला ३२-बिट डीएलएलच लागते, विंडोज कितीचं का असेना. आपल्याकडचे पावत्यांचे, पत्रिकेचे, सोसायटीच्या हिशेबाचे जुने प्रोग्राम बहुतेक ३२-बिटच असतात.

संच आधीच बसलेला दिसला तर तो काढू नका. कंट्रोल पॅनलच्या यादीत त्याच्यावर ‘चेंज’ दाबलं की ‘रिपेअर’ येतं, ते करा आणि मशीन रीस्टार्ट करा. बसवताना ०एक्स८००७०६६६ असा कोड आला तर त्याचा अर्थ याहून नवा संच आधीच आहे, तिथेही रिपेअर. ०एक्स८०२४००१७ आला आणि विंडोज ७ असेल, तर वर सांगितलेल्या सर्व्हिस पॅककडे आणि अपडेटकडे परत जा.

एसएफसी स्कॅननाऊ ही कमांड लोक तीर्थासारखी शिंपडतात. ती विंडोजच्या स्वतःच्या फाइली दुरुस्त करते. विंडोज १० वर यूसीआरटीबेस बिघडली असेल तर तिचा उपयोग होईल. एमएसव्हीसीपी१४० मात्र बाहेरून आलेल्या संचातली, तिच्यासाठी ही कमांड सहसा काही करत नाही. रेगएसव्हीआर३२ ने डीएलएल ‘रजिस्टर’ करण्याचा सल्लाही असाच. या फाइलीत रजिस्टर करण्याजोगं काही नसतंच, त्यामुळे ‘एंट्री पॉइंट सापडला नाही’ अशी आणखी एक चौकट तेवढी पदरात पडते.

फुकट डीएलएल वाटणाऱ्या साइटवरून फाइल आणू नका

हे नुसतं व्हायरसच्या भीतीने सांगत नाही, तीही आहेच. लोकमान्य नगरातल्या एका काकांचा पत्रिका काढायचा प्रोग्राम बंद पडला होता. पुतण्याने पेनड्राइव्हवरून फाइल आणून विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरात टाकली. त्यांच्या प्रोग्रामची चौकट तशीच राहिली, आणि दुसऱ्याच एका प्रोग्रामवर ०एक्ससी०००००७बी हा कोड आला. "भिया, फाइल तर टाकली ना, आता काय?" या कोडचा सरळ अर्थ असा, की फाइल मिळाली पण तिची जात जुळत नाही: ३२ च्या ठिकाणी ६४ किंवा ६४ च्या ठिकाणी ३२. इथे नावांनी सगळ्यांना चकवलंय. ६४-बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ नावाच्या फोल्डरात ६४-बिट फाइली असतात, आणि ३२-बिट फाइली सिसवॉव६४ मध्ये. उलटं वाटतं, पण आहे तसंच. काकांच्या मशीनवर सिस्टम३२ मध्ये ३२-बिट फाइल पडली, त्यामुळे त्यांचा ३२-बिट प्रोग्राम तर चालला नाहीच, वर आधी नीट चालणारा तो ६४-बिट प्रोग्रामही बंद पडला. पेनड्राइव्हची फाइल काढली, दोन्ही संच बसवले, दोन्ही प्रोग्राम सुरू झाले.

सिस्टम३२ मध्ये शोधताना एमएसव्हीसीपी_विन.डीएलएल किंवा ‘१४०_सीएलआर०४००’ अशा शेपटीची फाइल दिसेल. ती वेगळी फाइल आहे. तिची प्रत काढून नाव बदलण्याची युक्ती करू नका.

आता मुद्द्याचं: परत का येते

सगळ्यात साधं कारण म्हणजे साफसफाई. इन्स्टॉल केलेल्या प्रोग्रामांच्या यादीत ‘मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी++’ असं सुरू होणाऱ्या ओळींची रांग दिसते, २००८, २०१०, २०१३, प्रत्येकाच्या दोन-दोन. घरात जो कुणी कॉम्प्युटरातला जाणकार समजला जातो तो म्हणतो, एवढे कशाला, सगळ्यात नवा ठेवू आणि बाकीचे उडवू. त्या दिवशी काही बिघडत नाही. वर्गणीचा प्रोग्राम पुढच्या भाद्रपदात उघडतो, तोवर कुणाला काही आठवत नाही. त्या ओळी राहू द्या. जागा फार खात नाहीत.

अँटिव्हायरसचा ‘क्वारंटाइन’ इतिहास, म्हणजे संशयित म्हणून बाजूला काढलेल्या फाइलींची यादी, बघा. डीएलएल प्रोग्रामच्या फोल्डरात पडलेली असेल आणि तिच्यावर सही नसेल, तर ती उचलली जाऊ शकते. फाइलीच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ हा टॅब आणि त्यात मायक्रोसॉफ्टचं नाव हवं. टॅबच नसेल तर अँटिव्हायरसशी भांडू नका, तो बरोबर असण्याची शक्यता जास्त.

क्लासमध्ये किंवा सायबर कॅफेत मशीन ‘फ्रीझ’ केलेलं असतं, म्हणजे रीस्टार्ट झालं की सगळं पहिल्यासारखं. तिथे संच बसवून तुम्ही घरी जाता आणि सकाळी फोन येतो. आधी फ्रीझ काढा, मग बसवा, मग पुन्हा फ्रीझ.

आता तो चिवट प्रकार. विंडोज डीएलएल शोधताना आधी प्रोग्रामची एक्झी फाइल ज्या फोल्डरात आहे तिथे बघतं. तिथे नसेल तर सिस्टम३२ मध्ये, मग विंडोजच्या फोल्डरात, मग चालू फोल्डरात, आणि शेवटी ‘पाथ’ नावाच्या विंडोजच्या यादीत नोंदलेल्या फोल्डरांत. ३२-बिट प्रोग्रामने सिस्टम३२ म्हटलं तरी विंडोज त्याला गुपचूप सिसवॉव६४ कडे वळवतं. अनेक प्रोग्राम बनवणारे आपल्याच फोल्डरात एमएसव्हीसीपी१४० ची प्रत ठेवून देतात, म्हणजे ग्राहकाकडे संच नसला तरी चालावं. हेतू चांगला. पण ती प्रत ज्या वर्षी ठेवली त्या वर्षीची राहते. तुम्ही सिस्टममध्ये कितीही ताजा संच बसवा, प्रोग्राम आपल्या बाजूची शिळी प्रतच उचलतो.

बरीच वर्षं हे खपून गेलं. मग २०२४ मध्ये व्हिज्युअल स्टुडिओ २०२२ च्या १७.१० या आवृत्तीत म्युटेक्स नावाच्या एका घटकाची रचना बदलली. एकाच वेळी दोन कामांनी एकच फाइल किंवा एकच यादी हाताळू नये म्हणून म्युटेक्स वापरतात. नव्या साधनाने बनवलेला भाग जुन्या एमएसव्हीसीपी१४० बरोबर चालवला, की पहिल्यांदा कुलूप लावायच्या क्षणीच तो कोसळतो. मायक्रोसॉफ्टचा नियम पूर्वीपासूनच असा आहे की मशीनवरची डीएलएल ही प्रोग्राम ज्या साधनाने बनवला त्याच्याइतकी तरी नवी हवी. नियम मोडूनही चालत होतं, तेवढंच. म्हणून अलीकडे चौकट वेगळी दिसते: ‘सापडली नाही’ असं काही नाही, प्रोग्राम उघडतो, आणि सेव्ह करताना किंवा छापताना गपकन बंद होतो. लोकांना वाटतं प्रिंटर बिघडला.

हे ओळखायला इव्हेंट व्ह्यूअर, म्हणजे विंडोजची घडामोडींची नोंदवही, उघडा. विंडोज लॉग्ज, त्यात अ‍ॅप्लिकेशन. प्रोग्राम बंद पडला त्या वेळेची लाल खुणेची नोंद शोधा, इव्हेंट आयडी १०००. तिच्यात ‘फॉल्टिंग मॉड्यूल नेम’ पुढे एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल लिहिलेलं असेल, त्याच ओळीत तिची आवृत्ती, आणि थोडं खाली ‘फॉल्टिंग मॉड्यूल पाथ’, म्हणजे ती फाइल कुठल्या फोल्डरातली ते. मी सगळ्यात आधी ही पाथची ओळ वाचतो. तिथे सिस्टम३२ किंवा सिसवॉव६४ असेल तर संच जुना आहे, ताजा बसवा. तिथे प्रोग्रामचंच फोल्डर असेल तर गुन्हेगार सापडला. आवृत्तीवरून वयही कळतं: १४.० म्हणजे २०१५ चा काळ, १४.१ ने सुरू होणारे दोन अंकी आकडे २०१७ चे, १४.२ चे २०१९ चे, १४.३ आणि १४.४ चे २०२२ चे.

प्रोग्रामच्या फोल्डरातली ती प्रत मी लगेच पुसत नाही. आधी तिच्या नावापुढे ‘जुनी’ अशा अर्थाचं काहीतरी जोडतो, बरोबरच्या व्हीसीरनटाइम१४० लाही तसंच, कारण ही जोडी एकाच वयाची असलेली बरी. मग ताजा संच बसवून प्रोग्राम उघडतो. आता त्याला बाजूला काही मिळत नाही, तो सिस्टमकडे जातो. चालला तर ठीक, नाही तर नाव परत पूर्ववत. मात्र त्या प्रोग्रामचं पुढचं अपडेट आलं की ती शिळी प्रत पुन्हा येऊन बसू शकते, म्हणून बनवणाऱ्यांना कळवा. कळवताना आवृत्तीचा आकडा द्या. नुसतं ‘चालत नाही’ लिहिलं तर ‘पुन्हा इन्स्टॉल करा’ हेच उत्तर येईल.

इव्हेंट व्ह्यूअरने भागलं नाही तर मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स संचातला प्रोसेस मॉनिटर वापरा. पाथ या फाइलीच्या नावाने संपतो असा फिल्टर लावला, की प्रोग्राम कोणकोणत्या फोल्डरात डोकावला आणि कुठे ‘नेम नॉट फाउंड’ मिळालं ते ओळीने दिसतं. डिपेंडन्सी वॉकर हे जुनं साधन मात्र आता वापरू नका. एपीआय-एमएस नावाच्या फाइली त्याला कळत नाहीत, त्या सगळ्या हरवल्या म्हणून ते लाल लाल यादी दाखवतं आणि माणूस नसलेल्या रोगावर औषध शोधत बसतो.

कॉलेजच्या मुलांसाठी

इंजिनिअरिंगची मुलं विचारतात: घरी प्रोग्राम छान चालला, लॅबमध्ये नेला तर एमएसव्हीसीपी१४०डी.डीएलएल नाही म्हणतो. तो शेवटचा डी बघा. ती डीबग आवृत्ती आहे. व्हिज्युअल स्टुडिओ ज्या मशीनवर आहे तिथेच ती असते, रिडिस्ट्रिब्युटेबलमध्ये मिळत नाही आणि वाटायला परवानगीही नाही. ‘रिलीज’ निवडून पुन्हा बिल्ड करा. तरीही नको असेल ती कटकट, तर प्रोजेक्टच्या सेटिंगमध्ये रनटाइम लायब्ररी ‘मल्टी-थ्रेडेड’ ठेवा, नुसतं, पुढे ‘डीएलएल’ नसलेलं. मग स्ट्रीमचा कोड एक्झीतच बसतो. फाइल थोडी फुगते, पण परीक्षकासमोर उघडते.

कोड ब्लॉक्स किंवा डेव्ह सी++ वाले मिनजीडब्ल्यू हा वेगळा कंपायलर वापरतात. त्यांच्या स्ट्रीम लिबएसटीडीसी++-६.डीएलएलमध्ये असतात. ही फाइल सिस्टम३२ मध्ये नसते, पाथमध्ये जिथे पहिली सापडेल ती उचलली जाते, आणि पर्लचा किंवा क्यूटीचा संच बसवला असेल तर त्याचीही एक प्रत तिथे असते. ‘प्रोसिजर एंट्री पॉइंट’ सापडला नाही अशी चौकट आली की समजा, दुसऱ्याच कंपायलरची प्रत मिळाली. लिंक करताना -स्टॅटिक हा पर्याय दिलात तर प्रश्नच मिटतो. कमांड आणि पर्याय टाइप अर्थात इंग्रजी अक्षरांतच करायचे.

डीएलएलचा दोष नसतानाही तसं वाटणारा प्रकार

हा आपल्या मराठी घरांत हमखास भेटतो. सगळे संच बसले, चौकट येत नाही, तरी प्रोग्राम म्हणतो फाइल उघडता येत नाही. फोल्डराचं नाव बघावं तर ‘हिशेब २०८१’ किंवा ‘गणेशोत्सव पावत्या’, देवनागरीत. विंडोज अशी नावं आनंदाने ठेवू देतं, कारण ते आतून युनिकोड वापरतं. पण बऱ्याच जुन्या सी++ प्रोग्रामांत फाइल-स्ट्रीमला नाव साध्या एक-बाइटी अक्षरांत दिलेलं असतं, आणि ते विंडोजच्या जुन्या एएनएसआय कोड पेजमधून, म्हणजे अक्षरांच्या जुन्या तक्त्यातून, जातं. देवनागरीला असं कोड पेजच नाही. अक्षरांच्या जागी प्रश्नचिन्हं होतात, त्या नावाची फाइल कुठेच नसते, आणि स्ट्रीम मुकाट्याने अपयशी ठरते. पुष्कळ प्रोग्राम तर काही सांगतही नाहीत, रिकामी पावती छापून मोकळे होतात.

फोल्डरला इंग्रजी अक्षरांत नाव द्या, लगेच फरक कळेल. खरी अडचण तेव्हा, जेव्हा विंडोजचं खातंच देवनागरी नावाने उघडलेलं असतं. मग यूजर्समधलं फोल्डर, डेस्कटॉप, डॉक्युमेंट्स, टेम्प, सगळंच त्या पाथमध्ये येतं, आणि जुन्या प्रोग्रामांचे सेटअपही टेम्पमध्ये फाइल सोडताना अडखळतात. खात्याचं दिसणारं नाव बदलून फोल्डराचं नाव बदलत नाही. इंग्रजी अक्षरांत नवं खातं उघडून फाइली तिकडे हलवणं हाच निर्धोक मार्ग. ते आज जमणार नसेल तर सी ड्राइव्हवर टेम्प नावाचं फोल्डर करा, एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल्समध्ये टेम्प आणि टीएमपी या दोन्ही नोंदी तिकडे वळवा, आणि पावत्यांचा डेटाही सी किंवा डी ड्राइव्हवर सरळ ठेवा.

रीजन सेटिंगमध्ये ‘यूटीएफ-८ वापरा’ असा बीटा पर्याय विंडोज १० च्या १८०३ आवृत्तीपासून आहे. तो लावला की काही प्रोग्राम देवनागरी फोल्डर ओळखू लागतात, पण तो सगळ्या मशीनला एकदम लागू होतो आणि दुसरा एखादा जुना प्रोग्राम त्याने वेड्यासारखा वागू शकतो. पत्रिकावाल्या काकांच्या मशीनवर मी तो लावला नाही. फोल्डराचं नाव बदललं, डेस्कटॉपवर शॉर्टकट ठेवला आणि त्या शॉर्टकटला मराठी नाव दिलं. ते चालतं.